उजेड नाही, तर फिल्म बदला : राऊल कुतार, पॅरिस, १९५९

फ्रेंच न्यू वेव्हच्या, म्हणजे १९६० च्या आसपास फ्रान्समधल्या तरुण दिग्दर्शकांनी आणलेल्या नव्या सिनेमाच्या, कॅमेऱ्याबद्दल बोलणं निघालं की ठरलेली वाक्यं येतात. कॅमेरा हातात, दिवे नाहीत, पैसे नाहीत, रस्त्यावर शूटिंग. सगळी खरी आहेत. पण ती ऐकून असं वाटतं की चार तरुण पोरं कॅमेरा घेऊन बाहेर पडली आणि शैली आपोआप जन्माला आली. प्रत्यक्षात ‘आ बू द सूफ्ल’ म्हणजे ‘ब्रेथलेस’ या ज्याँ-ल्यूक गोदारच्या चित्रपटाची दृश्यशैली आधी कच्च्या फिल्मच्या दुकानात आणि डेव्हलपिंगच्या टाकीत ठरली, रस्त्याची पाळी नंतर आली. इथे त्याचा छायालेखक राऊल कुतार याच्या त्या निर्णयांचाच मागोवा घेतला आहे.

चित्रपटाची श्रेयनामावली जगजाहीर असल्यामुळे छायालेखक, दिग्दर्शक आणि निर्माता नावानिशी आले आहेत. लॅबमधले आणि युनिटमधले बाकीचे लोक त्यांच्या कामाच्याच नावाने ओळखावेत.

पार्श्वभूमी

राऊल कुतार १९२४ साली पॅरिसमध्ये जन्मला. त्याला रसायनशास्त्र शिकायचं होतं, पण फी परवडेना म्हणून तो फोटोग्राफीकडे वळला. ही गोष्ट त्याच्या चरित्रात एका ओळीत उरकली जाते. ती लक्षात ठेवावी, पुढे कामाला येते.

१९४५ मध्ये तो फ्रेंच सैन्याबरोबर इंडोचायनात, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या भागात, गेला. तिथली पुढची जवळजवळ अकरा वर्षं त्याने आधी सैन्यासाठी आणि मग मासिकांसाठी युद्धाचे आणि लोकजीवनाचे फोटो काढले. युद्धात फोटो काढणाऱ्याला उजेडाची वाट बघता येत नाही. असेल त्या प्रकाशात, असेल तिथे उभं राहून, समोरच्याला पुन्हा एकदा करायला न सांगता काम करावं लागतं. तिथेच त्याची पिएर शोन्डोर्फर या सैन्यातल्या कॅमेरामनशी दोस्ती झाली. शोन्डोर्फरने पुढे अफगाणिस्तानात चित्रपट करायचं ठरवलं आणि कुतारला बोलावलं. आपण स्थिरचित्रं काढायला चाललो आहोत अशा समजुतीत कुतार निघाला. रंगीत, रुंद पडद्याच्या कथापटाचं छायाचित्रण आपल्याला करायचं आहे हे त्याला नंतर कळलं. सिनेमाचा कॅमेरा त्याने तोवर हाताळलेला नव्हता.

त्या चित्रपटाचा निर्माता होता जॉर्ज द बोरगार. त्याने शोन्डोर्फर-कुतार जोडीकडून आणखी दोन चित्रपट करून घेतले. १९५९ मध्ये तो ज्याँ-ल्यूक गोदार या टीकाकाराच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटासाठी पैसे उभे करत होता. दिग्दर्शक त्रूफोने एका गुन्ह्याच्या बातमीवरून लिहिलेलं थोडक्यातलं कथानक हाताशी होतं. नायक ज्याँ-पॉल बेलमोंदो तेव्हा फारसा माहीत नव्हता, नायिका जीन सीबर्ग मात्र हॉलिवूडहून आलेली होती. गोदारला आपल्या लघुपटांचा छायालेखक मिशेल लातूश हवा होता. बोरगारकडे कुतार आधीच करारावर होता. निर्मात्याने कुतारचं नाव पुढे केलं आणि ते टिकलं.

म्हणजे सिनेमाच्या इतिहासातली ही गाजलेली जोडी हिशेबाच्या वहीतून जमली. दोघांनी एकमेकांना निवडलेलं नव्हतं.

अडचण

गोदारची मागणी थोडक्यात अशी होती: हा चित्रपट बातमीपटासारखा दिसला पाहिजे. कॅमेरा हातात, दिवे शक्यतो नाहीत, जागा खऱ्या. संवाद तो त्या त्या दिवशी सकाळी लिहिणार, त्यामुळे कोण कुठून कुठे चालेल हे आदल्या दिवशीही सांगता येणार नव्हतं. शूटिंग १७ ऑगस्टला सुरू होऊन सप्टेंबरच्या मध्यापर्यंत संपणार होतं.

उन्हातल्या रस्त्याचा प्रश्न नव्हता. ऑगस्टमधल्या पॅरिसमध्ये दिवसा भरपूर उजेड असतो. अडत होतं ते सेन नदीकाठच्या हॉटेलातली लहानशी खोली, कॅफे, जिन्याखालचा अंधार आणि शाँझेलिझे हा रस्ता रात्रीच्या वेळी, इथे.

आकड्यांत सांगायचं तर, सिनेमाच्या कॅमेऱ्यासाठी मिळणारी कोडॅकची प्लस-एक्स ही कृष्णधवल फिल्म साधारण ८० ए.एस.ए.ची होती (ए.एस.ए. म्हणजे फिल्मच्या संवेदनशीलतेचा आकडा; तो जितका मोठा, तितका कमी उजेड पुरतो). खिडकीतून येणाऱ्या उजेडात किंवा दुकानांच्या दिव्यांत ती पुरत नाही. तिच्यासाठी दिवे लावायचे म्हणजे केबल, स्टँड, ते हलवणारी माणसं आणि प्रत्येक शॉटआधी थांबणं. शिवाय दिवे एकदा एका दिशेने लावले की नटालाही त्याच दिशेला राहावं लागतं. गोदारला नेमकं हेच नको होतं. बेलमोंदो खोलीत वाटेल तिथे फिरला तरी चालायला हवं होतं.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय नेहमीचा: दिवे लावायचे, पण कमी. आँरी दकाए हा छायालेखक शाब्रोल आणि त्रूफो या दिग्दर्शकांसाठी नुकताच खऱ्या जागांमध्ये, हलक्या सामानात काम करून गेला होता. ती वाट मळलेली होती आणि निर्मात्यालाही समजणारी होती. त्यात धोका कमी होता, पण नटांना मोकळीकही तितकीच कमी मिळाली असती.

दुसरा, सिनेमासाठी मिळणाऱ्या फिल्म्समधली जास्त वेगवान, म्हणजे कमी उजेडात चालणारी, फिल्म घेऊन लॅबमध्ये थोडी ताणायची, म्हणजे जास्त डेव्हलप करून उजेडाची कमतरता भरून काढायची. सुरक्षित, पण रात्रीच्या रस्त्यासाठी अपुरा.

तिसरा पर्याय सिनेमाच्या बाहेरचा होता. इल्फर्ड कंपनीची एच.पी.एस. ही ४०० ए.एस.ए.ची फिल्म बाजारात होती. तिच्यावर पत्रकार छायाचित्रकार काम करत आणि कुतारला ती ओळखीची होती. पण ती सिनेमाच्या मोठ्या रिळांत मिळत नसे. मिळायची ती स्थिरचित्रांच्या कॅमेऱ्यासाठी, साडेसतरा मीटरच्या गुंडाळीत.

साडेसतरा मीटर म्हणजे सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने जेमतेम ३८ सेकंद. एवढ्यात कुठलाही संवाद पुरा होत नाही.

आणखी एक पर्याय होता, त्याचा उल्लेख सहसा होत नाही: गोदारला ‘हे होणार नाही’ असं सांगायचं. कुतार नवा होता, करार निर्मात्याशी होता, आणि तांत्रिक कारण पुढे करून दिग्दर्शकाला आवरणं ही त्या धंद्यातली जुनी रीत होती. स्टुडिओत शिकून वर आलेल्या छायालेखकाने बहुधा तेच केलं असतं. कुतारला ती शिस्तच कुणी लावलेली नव्हती. माझ्या मते या प्रकरणातली सर्वांत निर्णायक गोष्ट हीच आहे.

काय केलं

तिसरा पर्याय घेतला. तो घेतल्यावर एकामागून एक गाठी समोर आल्या.

पहिली गाठ लांबीची. स्थिरचित्रांच्या फिल्मच्या गुंडाळ्या अंधारात टोकाला टोक जोडून मोठं रीळ करायचं. एच.पी.एस. सगळ्या रंगांच्या प्रकाशाला संवेदनशील, त्यामुळे डार्करूममधला लाल दिवाही चालत नाही, सगळं हाताच्या अंदाजाने. सहा गुंडाळ्या जोडल्या तर शंभरेक मीटर, म्हणजे पावणेचार मिनिटांच्या आसपास. जोड ऐन शॉटच्या मध्ये येण्याचा धोका होताच.

दुसरी गाठ भोकांची. फिल्मच्या कडेला जी भोकं असतात त्यांची घडण स्थिरचित्रांच्या फिल्ममध्ये वेगळी आणि सिनेमाच्या निगेटिव्हमध्ये वेगळी. मिचेल किंवा डेब्रीसारखे स्टुडिओचे कॅमेरे ही फिल्म घेईनात. एक्लेर कंपनीचा कामेफ्लेक्स मात्र ती चालवून घेई. हा कॅमेरा हलका, खांद्यावर ठेवता येण्याजोगा, आणि मॅगझिन, म्हणजे फिल्मची डबी, क्षणात काढून दुसरं लावता येण्याची त्याची सोय प्रसिद्धच होती.

पण कामेफ्लेक्स खडखडतो. त्याच्यासोबत जागेवरचा आवाज घेणं अशक्य. म्हणून संपूर्ण चित्रपट नंतर डब करायचा, हे फिल्मच्या निवडीतच ठरून गेलं. त्याचा एक फायदा गोदारने लगेच उचलला: आवाज घेतला जात नाही म्हटल्यावर तो कॅमेरा चालू असतानाच नटांना ओरडून संवाद आणि सूचना देऊ लागला. या चित्रपटातला अभिनय इतका अधांतरी, थोडा उशिरा सुचल्यासारखा वाटतो, त्यामागे हेही एक कारण असावं.

तिसरी आणि सर्वांत अवघड गाठ लॅबची. रसायनशास्त्र शिकू न शकलेला माणूस इथे कामाला आला. एच.पी.एस. ४०० ऐवजी ८०० ची आहे असं धरून निम्म्या उजेडात चित्रित करायची आणि डेव्हलप करताना ती कमतरता भरून काढायची, असं ठरलं. त्यासाठी फेनिडोन असलेलं द्रावण हवं होतं. फेनिडोन हे इल्फर्डच्याच घरचं रसायन, सावलीतला तपशील जास्त बाहेर काढणारं. हिशेब करून पाहा: ८० च्या जागी ८०० म्हणजे दहापट कमी उजेडात काम भागतं.

व्यावसायिक लॅब मात्र हजारो मीटरच्या हिशेबात चालते. सगळ्यांची निगेटिव्ह एकाच द्रावणातून, एकाच वेगाने जाते. एका नवख्या दिग्दर्शकाच्या चार तुकड्यांसाठी अख्खी टाकी रिकामी करून वेगळं द्रावण भरणं कुणालाच परवडण्यासारखं नव्हतं. जी.टी.सी. या लॅबमध्ये चाचण्यांसाठी वापरायचं एक लहान यंत्र होतं. ते मिळालं आणि काम पुढे सरकलं. ते मिळालं नसतं तर पुढच्या कुठल्याच गोष्टीला अर्थ नव्हता. हातातला कॅमेरा सगळ्यांना दिसतो, पण या शैलीच्या मुळाशी लॅबमधली ती लहानशी टाकी आहे.

मग रस्ता. शाँझेलिझेवर सीबर्ग वर्तमानपत्र विकते आणि बेलमोंदो तिच्याबरोबर चालतो, त्या प्रसंगासाठी टपाल वाहायची हातगाडी आणली होती. वरून कापड टाकलेलं, आत कुतार कॅमेरा घेऊन बसलेला, समोर भोक, आणि मागून कुणीतरी गाडी ढकलतंय. जाणाऱ्या-येणाऱ्यांना शूटिंग चाललंय हे कळलंच नाही. इतर ठिकाणी ट्रॉलीचे रूळ घालण्याऐवजी कुतारला व्हीलचेअरवर बसवलं आणि ती अनेकदा गोदारने स्वतः ओढली. प्रवासी कंपनीच्या कार्यालयातला तो लांबलचक, न कापलेला शॉट याच खुर्चीचा.

एक लोकप्रिय कथा इथेच खोडून काढलेली बरी. फिल्मच्या गुंडाळ्या लहान होत्या म्हणून चित्रपटात त्या प्रसिद्ध उड्या, म्हणजे जम्प कट आले, असं सांगितलं जातं. ऐकायला छान वाटतं. पण प्रवासी कंपनीचा तो अखंड शॉटच तिला खोटं पाडतो. उड्या आल्या त्या संकलनात. चित्रपट ठरल्यापेक्षा बराच लांब झाला होता आणि प्रसंग गाळण्याऐवजी गोदारने प्रसंगांच्या आतूनच तुकडे काढून टाकले.

खोलीतला प्रसंग मला सगळ्यात मोलाचा वाटतो. हॉटेल द स्युएदची ती खोली, एक पलंग, एक खिडकी, दोन माणसं, आणि चित्रपटाचा जवळजवळ चौथा हिस्सा. तिथे कॅमेरा ठेवायलाच जागा नाही तर दिवे कुठे लावणार? खिडकीचा उजेड भिंतींवर आपटून जितका परत येईल तितकाच. सीबर्गचा चेहरा खिडकीकडे असेल तर पांढराफटक होतो, पाठ फिरवली की करड्यात बुडतो. स्टुडिओतल्या छायालेखकाने हा फरक सांधला असता, सगळीकडून चेहरा सारखा दिसेल असं पाहिलं असतं. कुतारने तो तसाच राहू दिला. माणसं खोलीत फिरतात तसा त्यांच्यावरचा उजेड बदलतो, आणि प्रेक्षकाला खोलीचा आकार न दाखवताच कळतो.

काय हाती आलं

१६ मार्च १९६० रोजी चित्रपट पॅरिसमध्ये लागला. ज्याँ व्हिगो पुरस्कार मिळाला, बर्लिन महोत्सवात गोदारला उत्कृष्ट दिग्दर्शनाचं रौप्य अस्वल मिळालं. फ्रान्समध्ये वीस लाखांहून जास्त तिकिटं विकली गेली, आणि बोरगारच्या लहानशा गुंतवणुकीच्या मानाने हे घबाडच होतं.

ग्रेन, म्हणजे फिल्मवरचे दाणे, डोळ्यांत भरेल इतका होता, काळे भाग खरखरीत, पांढरे भाग कुठे कुठे जळलेले. त्या काळच्या फ्रेंच धंद्यात ही सरळसरळ चूक मानली जाई. लोकांना ती बातमीपटासारखी खरी वाटली.

पण कुतारने मात्र याला आपली शैली समजून घट्ट धरून ठेवलं नाही. लगेच पुढच्या ‘ल पती सोल्दा’साठी जिनिव्हात त्याने फोटोफ्लड म्हणजे फोटोग्राफीचे प्रखर बल्ब छताकडे वळवून खोलीभर सपाट, दिशाहीन उजेड पसरवला. नटाला मोकळं सोडायचं हे उद्दिष्ट तेच, साधन वेगळं. १९६१ च्या ‘यून फाम ए यून फाम’मध्ये रंग आला, स्टुडिओत छतासकट घर उभारलं आणि तोच परतवलेला पांढरा उजेड रंगीत फिल्मवर वापरला. त्रूफोच्या ‘ज्यूल ए जिम’मध्ये त्याचा कॅमेरा धावतो, तर १९६३ च्या ‘ल मेप्री’मध्ये काप्रीच्या कड्यावरच्या मालापार्ते घरासमोर तो शांतपणे, रुंद पडद्यावर सरकतो. एकाच माणसाचं काम आहे हे पटकन लक्षात येत नाही.

छतावरून किंवा कापडावरून उजेड परतवण्याचं श्रेय युरोपातले लोक बऱ्याचदा कुतारला देऊन मोकळे होतात. पण सत्यजित राय यांचे छायालेखक सुब्रत मित्र यांनी १९५६ च्या ‘अपराजितो’साठी काशीच्या घराचा सेट कलकत्त्यात लावला, अंगणावर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्यावर मारून आकाशाचा उजेड खाली आणला. हे चार वर्षं आधीचं. आणि मित्र शिकले ते कलकत्त्याजवळ ‘द रिव्हर’ या चित्रपटाच्या शूटिंगवर क्लोद रेनुआर या दुसऱ्या फ्रेंच छायालेखकाचं काम बघत, वहीत दिव्यांचे नकाशे काढत. पुण्या-मुंबईच्या चित्रपट मंडळींच्या चर्चेत कुतार आला की मित्रांचं नाव निघायला हवं.

पुढे तेच उत्तर, वेगळा निकाल

१९६५ च्या ‘आल्फाव्हिल’साठी गोदारने पुन्हा एच.पी.एस. मागितली. भविष्यातलं शहर म्हणून तेव्हाचंच पॅरिस, रात्री, त्याच्याच दिव्यांत. कुतारचं म्हणणं पडलं की इतक्या कमी उजेडात फिल्मवर काही उमटणार नाही. गोदार अडून राहिला आणि तसंच शूट केलं. बरंचसं खरोखरच वाया गेलं. जे उरलं ते मात्र असं काळंभोर आणि धारदार आहे की त्या चित्रपटाची आठवण त्या काळ्यानेच राहते.

१९५९ मध्ये दिग्दर्शकाची इच्छा आणि छायालेखकाचं गणित एकाच दिशेला होतं. १९६५ मध्ये गणित नाही म्हणत होतं. एकच फिल्म, एकच जोडी, पण पहिल्या वेळी धोका मोजून घेतलेला होता आणि दुसऱ्या वेळी मोजून झाल्यावर बाजूला ठेवला गेला. फुकट गेलेल्या फिल्मचे पैसे निर्मात्याने भरले हे विसरून ‘गोदारचं बरोबर होतं’ म्हणणं फार सोपं आहे.

वेगळं काय करता आलं असतं

आवाजाचा निर्णय सर्वांत महाग पडला असं मला वाटतं. फिल्म ठरली म्हणून कॅमेरा ठरला, कॅमेरा ठरला म्हणून आवाज गेला. त्या खोलीतलं दोघांचं बोलणं, सीबर्गचं अमेरिकी वळणाचं फ्रेंच, खिडकीबाहेरची वाहतूक, हे सगळं जागेवर टिपता आलं असतं तर? किमान त्या एका प्रसंगासाठी आवाजबंद कॅमेरा आणि सिनेमाची नेहमीची फिल्म घेऊन, छताला चार बल्ब मारून बघण्यासारखं होतं. वर्षभरातच कुतारने छताची युक्ती वापरलीच, आणि ‘यून फाम ए यून फाम’मध्ये गोदार थेट आवाजाकडे वळला. याचा अर्थ दोघांनाही ही उणीव जाणवली असणार. अर्थात तसं केलं असतं तर दिवसाचं वेळापत्रक, सकाळी लिहिलेले संवाद, ओरडून दिलेल्या सूचना, सगळंच बदललं असतं.

लॅबबाबत वेगळं सुचवण्यासारखं एवढंच: अशा कामात लॅबशी बोलणी पटकथेच्या आधी व्हायला हवीत. इथे एका लहान यंत्रावर सगळा डोलारा उभा होता. ते बिघडलं असतं तर पर्यायी व्यवस्था दिसत नाही. आज डिजिटल कॅमेऱ्यावर आय.एस.ओ.चा (म्हणजे ए.एस.ए.च्याच आजच्या रूपाचा) आकडा वाढवणाऱ्याला हे दूरचं वाटेल. पण रंगदुरुस्ती करणाऱ्याला शूटिंगच्या आधी विचारायचं की नंतर, हा त्याच निर्णयाचा आजचा अवतार आहे, आणि नंतर विचारणारे अजूनही पुष्कळ आहेत.

हातगाडीतून चोरून केलेलं शूटिंग आज कुठल्याही मोठ्या शहरात अडेल, आणि ते योग्यच आहे. रस्त्यावरच्या माणसाला आपण चित्रपटात आहोत हे माहीत नव्हतं. त्यातल्या काहींनी वळून थेट कॅमेऱ्यात पाहिलं आणि ते तसंच ठेवलं गेलं. १९५९ मध्ये हा प्रश्न कुणी विचारला नाही. त्या चेहऱ्यांशिवाय तो प्रसंग निम्मा उरेल हे मान्य करूनही, परवानगीची पाटी लावून पाच-दहा मिनिटं थांबलो तर लोक पुन्हा आपापल्या वाटेने चालू लागतात, हा रस्त्यावर काम करणाऱ्यांचा अनुभव आहे. ती वाट तेव्हाही उपलब्ध होती.

फिल्मच्या निवडीबद्दल मात्र मी काही बदलणार नाही. दकाएच्या वाटेने गेलेला ‘ब्रेथलेस’ कदाचित जास्त नेटका झाला असता, पण त्या खोलीत बेलमोंदोला दिव्याने नेमून दिलेल्या जागीच सिगारेट पेटवावी लागली असती.